गुप्तहेराचें दुःख

खुनाच्या कथेंतील गुप्तहेर दुःखानें खचलेला दाखविला म्हणजे कित्येकांस कंटाळा येतो. खुनी कोण तें सांगा, अंमलदाराच्या घरचें रडगाणें कशाला, असा त्यांचा आक्षेप. आम्हांस तो मान्य नाहीं. १८८७ सालीं अवतरलेल्या शेरलॉक होम्स यास खून म्हणजे एक कोडें होतें. तें सुटलें कीं मृताचें नांवही मागें पडे. उलट २०१३ सालीं सुरू झालेल्या ‘ब्रॉडचर्च’ ह्या इंग्रजी मालिकेंतील पोलीस अंमलदार एली मिलर हिला खून झालेला मुलगा परका नाहीं. तो तिच्याच मुलाचा ११ वर्षांचा सोबती. आणि अखेरीस खुनी निघतो तिचा पति! साऱ्या गांवाचा संशय घेणें हें जिचें काम, तिला आपलें घर तेवढें दिसलें नव्हतें. तें कळतांच ती शिस्त विसरून त्यास लाथा मारते. गुन्हेगार सांपडल्याचा आनंद त्या क्षणीं प्रेक्षकास होत नाहीं. तो होऊंही नये.

मात्र प्रत्येक गुप्तहेराच्या हातीं दारूचा पेला देण्याची जी रूढी पडली आहे, ती आम्हांस रुचत नाहीं. ‘प्राइम सस्पेक्ट’ (१९९१ ते २००६) ह्या मालिकेंतील जेन टेनिसन हिचें पिणें कामाच्या ओझ्याबरोबर वाढत गेलेलें दिसतें, आणि निवृत्तीच्या सुमारास ती मद्यपाशांतून सुटूं पाहणाऱ्यांच्या सभेस जाऊं लागते.