गुंडाळलेला अल्बम, गाळलेला प्रसंग

'डिटॉक्स' येणार नाही. अमेरिकी रॅपर आणि निर्माते डॉ. ड्रे यांनी १ ऑगस्ट २०१५ रोजी स्वतःच्याच रेडिओ कार्यक्रमात ते सांगून टाकले. कारण एवढेच, की अल्बम चांगला झाला नव्हता, मलाच तो आवडला नाही. वर्षानुवर्षे ज्याच्या नावावर तारखांवर तारखा पडल्या, तो अल्बम असा दोन वाक्यांत गुंडाळला गेला आणि अनेकांनी या निर्णयाला प्रामाणिकपणाचे प्रशस्तिपत्रही देऊन टाकले. त्यानंतरच्या तीन आठवड्यांत बरेच काही घडले. ७ तारखेला बदली अल्बम 'कॉम्प्टन' आला, १४ तारखेला ड्रे यांच्या जुन्या रॅप गटावरचा 'स्ट्रेट आउटा कॉम्प्टन' हा चित्रपट झळकला, १८ तारखेला टीव्ही सूत्रसंचालिका डी बार्न्स यांनी ड्रे यांच्याकडून झालेल्या मारहाणीची कैफियत लिहिली आणि २१ तारखेला ड्रे यांना 'न्यूयॉर्क टाइम्स'मधून माफी मागावी लागली. बातम्या वेगवेगळ्या, पण माणूस एकच आणि सवयही एकच. लोकांपुढे काय जाईल आणि काय जाणार नाही हे आपणच ठरवणार, ही ती सवय. गाण्याच्या बाबतीत ती गुणवत्तेची खूण आहे. मार खाल्लेल्या बाईच्या बाबतीत ती लबाडी आहे.

अल्बमपुरते बोलायचे तर ड्रे यांचे काहीही चुकलेले नाही. भाडोत्री मारेकऱ्याच्या आयुष्यावर सलग एक अल्बम करायचा, ही मूळ कल्पना. 'द क्रॉनिक' १९९२ मध्ये आणि '२००१' त्यानंतर सात वर्षांनी आलेला. दोन्हींनी गँगस्टा रॅपचा ठेकाच बदलून टाकलेला. तिसऱ्याकडून अपेक्षा किती असतील ते सांगायला नको. २००४ मध्ये त्यांनी तो सोडून दिला, पुन्हा हाती घेतला, २०१० मध्ये 'कश' आणि पुढच्या वर्षी 'आय नीड अ डॉक्टर' ही गाणी सोडून चाहत्यांना आशेला लावले. एमिनेमसोबतचे ते दुसरे गाणे अमेरिकेत पहिल्या पाचांत गेले. म्हणजे माल खपत होता. वीस ते चाळीस गाणी तयार होती, असे ते स्वतःच सांगतात. त्यातली कुठलीही बारा निवडून बाजारात आणली असती, तरी पहिल्या आठवड्यात लाखो प्रती गेल्या असत्या. तरीही आणली नाहीत. सूर मनासारखा लागेपर्यंत गायकाला तीच ओळ पुन्हापुन्हा म्हणायला लावणारा हा निर्माता आहे. त्याने स्वतःच्या कामालाही तीच फूटपट्टी लावली, याचे कौतुक झाले तर आमची हरकत नाही. चाहत्यांनी फसवणुकीची ओरड करायचेही कारण नाही. न जमलेली गोष्ट लोकांच्या गळ्यात न मारणे, यात फसवणूक कसली?

मात्र हे त्यांना परवडले, हेही लक्षात घ्यायला हवे. २०१४ मध्ये 'ॲपल'ने त्यांची आणि जिमी आयोव्हीन यांची 'बीट्स' कंपनी तीनशे कोटी डॉलरना विकत घेतली. अशा माणसाला अल्बम बाजूला ठेवताना कोणाची परवानगी लागत नाही. याच संगीतातल्या इतरांच्या नशिबी हे सुख नव्हते. पॅरिस या रॅपरचा अल्बम १९९२ मध्ये टाइम वॉर्नरने वितरित करायला नकार दिला, कारण मुखपृष्ठावर तो अध्यक्ष बुश यांच्यावर दबा धरून बसलेला दाखवला होता. त्याला तो स्वतःच्या बळावर काढावा लागला. खुद्द ड्रे ज्या 'एन.डब्ल्यू.ए.'मध्ये होते, त्या गटाच्या कंपनीला १९८९ मध्ये एफबीआयचे पत्र गेले होते. पोलिसांविरुद्ध गाणे गायले, एवढाच अपराध. आपला आवाज दुसऱ्याने दाबला की काय होते, हे या मंडळींना कोणी शिकवायला नको. म्हणूनच त्यांनी या चित्रपटात जे केले त्याची चीड येते.

चित्रपटात काय आहे ते आता सगळ्यांना माहीत आहे. कॉम्प्टन शहरातली गरिबी आहे, पोलिसांची दंडेली आहे, पैशांवरून झालेली फाटाफूट आहे, मित्राच्या मृत्यूचा शोक आहे. निर्मात्यांत ड्रे आहेत, गटातले त्यांचे साथीदार आइस क्यूब आहेत. काय नाही, ते मात्र डी बार्न्स यांना सांगावे लागले. २७ जानेवारी १९९१ च्या रात्री हॉलिवूडमधल्या एका क्लबमधल्या समारंभात ड्रे यांनी त्यांना मारहाण केली. बार्न्स यांनी त्या वेळी दिलेल्या जबानीनुसार केस धरून त्यांचे डोके भिंतीवर आपटले, जिन्यावरून ढकलण्याचा प्रयत्न झाला, त्या जीव वाचवायला बायकांच्या स्वच्छतागृहात शिरल्या तर तिथेही त्यांचा पाठलाग झाला. या वेळी ड्रे यांचा अंगरक्षक पिस्तूल दाखवून लोकांना लांब ठेवत होता.

अपराध काय, तर टीव्हीवरच्या एका मुलाखतीचे संकलन. बार्न्स 'पम्प इट अप' नावाचा हिपहॉपचा कार्यक्रम सादर करत. क्यूब गटातून बाहेर पडले होते. उरलेल्यांची मुलाखत झाली, त्यात त्यांनी क्यूबची टर उडवली. मग 'बॉइज एन द हूड'च्या सेटवर घेतलेले क्यूब यांचे उत्तर त्याच भागाला जोडण्यात आले. हे करू नका, असे आपण सांगितले होते, असे बार्न्स लिहितात. कॅमेऱ्यामागे होते एफ. गॅरी ग्रे. होय, तेच ग्रे, ज्यांनी पुढे 'स्ट्रेट आउटा कॉम्प्टन' दिग्दर्शित केला. ज्या चित्रणापायी बार्न्स यांना मार पडला, ते चित्रण या दिग्दर्शकाने स्वतः केले होते. या प्रकरणाची माहिती नव्हती, असे म्हणण्याची सोय त्यांना नाही. संहितेच्या आधीच्या एका मसुद्यात हा प्रसंग होता, असेही आता उघड झाले आहे. म्हणजे विसर पडला नाही. प्रसंग आठवला, लिहिला गेला आणि मग गाळला गेला.

चित्रपट कथा गटाची सांगतो, उपकथांना जागा नव्हती, हा बचाव आम्हाला साफ नामंजूर आहे. १४७ मिनिटांच्या चित्रपटात हॉटेलमधल्या पार्ट्यांना भरपूर जागा आहे. त्या पार्ट्यांतल्या बायकांनाही जागा आहे, फक्त त्यांना नाव नाही. रॉडनी किंगला पोलिसांनी बडवल्याचे चित्रण पडद्यावर येते आणि यायलाच हवे. किंगला मारहाण झाली ३ मार्च १९९१ रोजी, बार्न्स यांना झालेल्या मारहाणीनंतर जेमतेम पाच आठवड्यांनी, त्याच लॉस एंजलिस शहरात. कृष्णवर्णीय माणसाच्या अंगावर पडलेली काठी इतिहास ठरते आणि कृष्णवर्णीय बाईच्या अंगावर पडलेला हात उपकथा ठरतो. हे कोणी ठरवले? ज्याने हात उचलला तोच निर्मात्यांच्या यादीत आहे.

तेव्हाचा कायदाही असाच हलका निघाला. ड्रे यांनी आरोपांना आव्हान दिले नाही आणि अडीच हजार डॉलर दंड, २४० तास समाजसेवा आणि दोन वर्षांची परिवीक्षा एवढ्यावर सुटले. दिवाणी दावा न्यायालयाबाहेर मिटला. 'रोलिंग स्टोन'शी बोलताना तर त्यांनी हे सगळे किरकोळ असल्याच्या थाटात उडवून लावले होते. पुढच्याच वर्षी 'द क्रॉनिक' आला आणि ते या धंद्यातले सर्वांत मोठे नाव झाले. बार्न्स यांच्या वाट्याला काय आले? डोकेदुखी, जी त्यांच्याच शब्दांत आजही त्या भिंतीची आठवण करून देते, आणि ड्रे दुखावतील म्हणून दारे बंद करणारा उद्योग. गायिका मिशेले या ड्रे यांच्या त्या वेळच्या जोडीदार; त्यांनीही मारहाणीचे आरोप केले आहेत. रॅपर टॅरी बी यांनीही. अल्बम न आल्याची हळहळ वर्षानुवर्षे चालली. या तिघींच्या न झालेल्या कामाची हळहळ कोणी केली?

आता माफी. ड्रे म्हणतात, पंचवीस वर्षांपूर्वी मी तरुण होतो, दारूच्या आहारी होतो, तरीही त्याला सबब नाही. ज्या स्त्रियांना दुखावले त्यांची क्षमा मागतो. शब्द चांगले आहेत, सबब नाकारली हेही चांगले. त्यांच्या पश्चात्तापावर शंका घेण्याचा आम्हाला अधिकार नाही. पण ही माफी आली केव्हा? चित्रपटाने पहिल्या तीन दिवसांत सहा कोटी डॉलर कमावल्यानंतर, बार्न्स यांचा लेख जगभर वाचला गेल्यानंतर, वृत्तपत्राने दार ठोठावल्यानंतर. आणि ती मागताना एकाही बाईचे नाव घेतलेले नाही. लगोलग 'ॲपल'चेही निवेदन आले, की ड्रे बदलले आहेत यावर आमचा विश्वास आहे. कंपनीला विश्वास आहे, याचे बार्न्स यांनी काय करायचे? मार कंपनीने खाल्ला नव्हता. ज्या व्यवहाराचे मोल तीनशे कोटी डॉलर आहे, त्या व्यवहाराची ती काळजी आहे.

मराठी वाचकांना हे सगळे फार दूरचे वाटत असेल, तर त्यांना २००२ ची आठवण करून द्यायला हवी. ट्रुथ हर्ट्स या गायिकेचे 'ॲडिक्टिव्ह' हे गाणे त्या वर्षी अमेरिकेत पहिल्या दहांत गेले. त्यात कणाकणात भरलेला आवाज लतादीदींचा होता. 'ज्योति' या १९८१ च्या चित्रपटातले 'थोडा रेशम लगता है', संगीत बप्पी लाहिरी यांचे. गाण्याचे संयोजन डीजे क्विक यांनी केले होते, पण कंपनी होती ड्रे यांची 'आफ्टरमॅथ'. परवानगी नाही, श्रेय नाही. 'सारेगामा'ने पन्नास कोटी डॉलरचा दावा लावला, लाहिरी लॉस एंजलिसच्या न्यायालयात गेले आणि २००३ च्या फेब्रुवारीत आदेश निघाला, की लाहिरींचे नाव घातल्याशिवाय हा अल्बम विकता येणार नाही. संगीतकाराचे नाव त्याच्याच गाण्यावर यावे यासाठी न्यायाधीशाला हुकूम काढावा लागला. जुन्या गाण्याचा नमुना घेण्याच्या कलेला आमचा विरोध नाही. हिपहॉप तिच्यावरच उभे आहे आणि जुन्या आवाजाला त्याने नवे आयुष्य दिले आहे. प्रश्न नाव गाळण्याचा आहे. गळा ज्याचा, चाल ज्याची, त्याला विचारायचे नाही आणि मग कोर्टाने कान धरला की श्रेय देऊ करायचे. मार खाल्लेल्या बाईचेही तेच झाले. तिने ओरडून सांगेपर्यंत तिला जागाच नव्हती.

कलावंताचे खासगी आयुष्य आणि त्याची कला वेगळी ठेवा, हा सल्ला या वादात पुन्हा ऐकू येऊ लागला. आपल्याकडेही तो नेहमीचा आहे. मैफलीचा मोठा गवई म्हटला की घरातल्या बाईने काय सोसले हे विचारायचे नसते. ड्रे यांच्या गाण्यांपुरते तो कोणाला मान्य असेल तर असो. या चित्रपटाला तो लागूच होत नाही. आयुष्य पडद्यावर त्यांनी स्वतः आणले आहे, त्याची तिकिटे लावली आहेत, आणि हे सगळे खरे घडलेले आहे असे सांगून ती विकली आहेत. खरे म्हणून विकायचे तर गैरसोयीचे खरे त्यात असायलाच हवे. 'डिटॉक्स'च्या बाबतीत जो माणूस एक सूरही खोटा चालवून घेत नाही, त्याने आपल्या आयुष्याच्या पटकथेत एवढी मोठी खोट चालवून घेतली. त्याच्या कानाची तारीफ करणाऱ्यांनी आधी याचे उत्तर द्यावे.

'कॉम्प्टन' अल्बमची रॉयल्टी आपल्या शहरातल्या मुलांच्या कलाकेंद्राला देण्याची घोषणा ड्रे यांनी केली. ती स्तुत्य आहे. ज्या तिघींनी आरोप केले, त्यांच्या बुडालेल्या कामाची भरपाई ही याहून जुनी थकबाकी आहे आणि ती फेडायला शहराच्या परवानगीची गरज नाही. चित्रपटातली खोटही अजून भरून काढता येईल. प्रसंग लिहिलेला आहे, कॅमेऱ्यामागे होता तो दिग्दर्शक हजर आहे, पैशाला तोटा नाही. ड्रे, क्यूब आणि ग्रे यांनी तो चित्रित करून चित्रपटाच्या नव्या आवृत्तीत घालावा, आणि चित्रीकरणाआधी त्याची संहिता डी बार्न्स यांच्या हाती द्यावी.