कुटुंबाचे आरोग्य : दुखणे नसतानाची तपासणी

आजचे कर्वेनगर म्हणजे एके काळचे हिंगणे, पुण्याबाहेरचे एक लहानसे खेडे. १८९६ साली स्थापन केलेला अनाथ बालिकाश्रम महर्षी धोंडो केशव कर्वे यांनी १९०० साली येथील एका झोपडीत आणला. ज्या काळी विधवेच्या आयुष्याला कोणी किंमत देत नव्हते, त्या काळी त्या आयुष्याचा विचार करण्यासाठी येथे एक जागा उभी राहिली. पुढे त्याच नावाने ही वस्ती ओळखली जाऊ लागली.

त्याच परिसरातील व्यापारी कुटुंबात आज गृहिणीच्या हाती घराची औषधांची फाइल असते. सासूबाईंचा रक्तदाब, सासऱ्यांच्या मोतीबिंदूची तारीख, पतीच्या साखरेचा अहवाल, नातवाच्या लसी, सारे काही तिने नीट लावून ठेवलेले असते. त्या फाइलीत एकच पान बहुधा कोरे असते, ते तिचे स्वतःचे. कारण विचारले तर उत्तर ठरलेले असते : ‘मला कुठे काय होते आहे?’ लग्नसराई आटोपली की पाहू, चातुर्मास झाला की पाहू, दिवाळीचा माल उतरला की पाहू, असे करता करता वर्षे उलटतात. काही होत नाही म्हणून तपासणी नको, हा विचार वरकरणी शहाणपणाचा वाटतो. तो किती महाग पडतो, याचा पक्का हिशेब मात्र महाराष्ट्रातच मांडला गेला आहे.

पुण्यात स्थायिक झालेल्या अनेक घरांचे मूळ गाव सोलापूर, बार्शी किंवा धाराशिव या पट्ट्यातले आहे. कुंथलगिरीच्या यात्रेमुळे हा भाग इतरांनाही परका नाही. बार्शी येथे नर्गिस दत्त स्मृती कर्करोग रुग्णालय आहे, आणि ग्रामीण भागातील कर्करुग्णांची पद्धतशीर नोंद ठेवण्याचे काम भारतात प्रथम येथेच १९८७ साली सुरू झाले. गर्भाशयाच्या मुखाचा कर्करोग झालेल्या बहुतेक स्त्रिया रोग पसरल्यावरच रुग्णालयाची पायरी चढतात, हे त्या नोंदींतून दिसले. गावोगावी जाऊन लक्षणांची माहिती दिल्यावर लवकर येणाऱ्या स्त्रियांचे प्रमाण वाढले, हेही त्याच नोंदींनी दाखवले. तरीही प्रश्न उरला होता. लक्षण दिसण्याच्याही आधी, पूर्ण निरोगी वाटणाऱ्या स्त्रीला तपासले तर तिचा जीव वाचतो का?

या प्रश्नाच्या उत्तरासाठी १९९९ साली तेव्हाच्या उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात एक मोठा अभ्यास सुरू झाला. बार्शीचे रुग्णालय, मुंबईचे टाटा स्मारक केंद्र आणि फ्रान्समधील आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्था यांनी तो हाती घेतला. तीस ते एकोणसाठ वर्षे वयाच्या १,३१,७४६ निरोगी स्त्रिया त्यात होत्या. गावांचे बावन्न समूह करून त्यांची चार गटांत विभागणी झाली. तीन गटांत तीन वेगवेगळ्या तपासण्या, प्रत्येकी एकदाच, देऊ करण्यात आल्या. चौथ्या गटाला केवळ माहिती आणि नेहमीची आरोग्यसेवा मिळाली.

आठ वर्षांनी हिशेब झाला. या कर्करोगास बहुतांशी कारणीभूत ठरणाऱ्या एचपीव्ही विषाणूची चाचणी ज्या गटात दिली गेली, त्यात ३४,१२६ स्त्रिया होत्या. त्यांपैकी ३४ स्त्रिया या रोगाने दगावल्या. चौथ्या गटात ३१,४८८ स्त्रिया होत्या आणि मृत्यू ६४ झाले. पुढच्या अवस्थेतील कर्करोग चाचणीच्या गटात ३९ जणींना, तर चौथ्या गटात ८२ जणींना आढळला. ज्यांच्या चाचणीत विषाणू नव्हता, त्यांच्यापैकी एकीचाही त्या काळात या रोगाने मृत्यू झाला नाही. आयुष्यातील एका तपासणीने मृत्यूचे प्रमाण जवळजवळ निम्म्यावर आले.

येथे एक बारकावा व्यापारी वाचकाच्या सहज ध्यानात येईल. रोगाविषयी बोलताना ‘पाच वर्षे जगणाऱ्यांचे प्रमाण’ हा आकडा नेहमी पुढे केला जातो. अमेरिकेतील नोंदींनुसार गर्भाशयमुखाचा कर्करोग जागच्या जागी असताना सापडला तर दहापैकी सुमारे नऊ स्त्रिया पाच वर्षे जगतात. तो दूरवर पसरल्यावर सापडला तर पाचांपैकी एकही जेमतेम. आकडे खरे आहेत, पण एकट्या त्यांच्यावर विसंबणे धोक्याचे आहे. समजा, एखाद्या स्त्रीचा रोग सत्तावन्नाव्या वर्षी कळला आणि साठाव्या वर्षी ती गेली, तर ती तीन वर्षे जगली असे नोंदले जाईल. तोच रोग त्रेपन्नाव्या वर्षी कळला आणि तरीही ती साठाव्याच वर्षी गेली, तर ती सात वर्षे जगली असे दिसेल. आयुष्यात एका दिवसाचीही भर पडली नाही. मोजणी तेवढी आधी सुरू झाली. वहीत उधारीची तारीख मागे लिहिल्याने रक्कम वसूल होत नाही, तसेच हे आहे. म्हणून धाराशिवच्या अभ्यासात मोजले गेले ते मृत्यू. ६४ आणि ३४ यांतील फरक कोणत्याही तारखेच्या फेरफाराने निर्माण होत नाही.

लवकर निदानाचा लाभ प्रत्येक रोगात सारखा नसतो, हेही याच कसोटीवर उघड होते. दक्षिण कोरियात थोड्याशा जादा पैशांत गळ्याची सोनोग्राफी करून घेण्याची चाल पडली. २०११ साली तेथे थायरॉइडच्या कर्करोगाचे निदान १९९३ च्या पंधरापट झाले होते. त्या रोगाने होणारे मृत्यू मात्र होते तेवढेच राहिले. हजारो लोकांवर शस्त्रक्रिया झाल्या, आणि त्यांतील पुष्कळांना जो रोग कधी त्रास देणार नव्हता, त्यासाठी आयुष्यभराच्या गोळ्या मागे लागल्या. ‘संपूर्ण शरीर तपासणी’ची सवलतीतील पाकिटे घाऊक मालासारखी घेणाऱ्या कुटुंबांनी हे उदाहरण लक्षात ठेवावे. तपासणी पुष्कळ असण्यापेक्षा योग्य असणे महत्त्वाचे.

गर्भाशयमुखाच्या बाबतीत तपासणी उपयोगी पडते, त्याचे कारण रोगाच्या स्वभावात आहे. विषाणूचा शिरकाव झाल्यापासून कर्करोग होईपर्यंत साधारणपणे पंधरा ते वीस वर्षे लोटतात. या काळात पेशींत होणारे बदल ना दुखतात, ना दिसतात. पण ते सापडले तर थोडक्या उपचाराने, बहुधा रुग्णालयात मुक्काम न करता, काढून टाकता येतात. म्हणजे येथे कर्करोग लवकर सापडतो एवढेच नव्हे, तर तो होण्याआधीच त्याची वाट अडवता येते.

धाराशिवच्या अभ्यासात पॅप चाचणी आणि व्हिनेगरसारखे सौम्य आम्ल लावून केलेली तपासणी, या दोहोंच्या एकाच फेरीने मृत्यूंत लक्षणीय घट झाली नाही. परंतु मुंबईच्या वस्त्यांत टाटा स्मारक रुग्णालयाने १९९८ पासून हीच आम्लाची तपासणी प्रशिक्षित आरोग्यसेविकांकडून दर दोन वर्षांनी करवली, तेव्हा मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. दोन्ही अभ्यास एकत्र पाहिले म्हणजे साधी तपासणीही सातत्याने केली तर फळ देते, हे पटते. त्याच मुंबईच्या अभ्यासात सेविकांनी हाताने केलेल्या स्तनतपासणीमुळे पन्नाशी ओलांडलेल्या स्त्रियांत स्तनाच्या कर्करोगाचे मृत्यू सुमारे ३० टक्क्यांनी कमी झाले. त्याहून तरुण स्त्रियांत तशी घट आढळली नाही.

या ज्ञानाची किंमतही कोणीतरी मोजली आहे. ज्या गटाला तपासणी दिली गेली नाही, त्यातील स्त्रियांचे काय, असा आक्षेप या दोन्ही अभ्यासांवर पुढे घेतला गेला. तो सहज बाजूला सारण्यासारखा नाही. त्या चौसष्ट जणींच्या मृत्यूमुळे जे कळले, ते कळूनही शहरातील सुशिक्षित घरांनी दुर्लक्ष करावे, यासारखी दुसरी कृतघ्नता नसेल.

करायचे ते फार नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली ठरवलेल्या धोरणानुसार प्रत्येक स्त्रीची उत्तम प्रतीची चाचणी पस्तिसाव्या वर्षापर्यंत एकदा आणि पंचेचाळिसाव्या वर्षापर्यंत पुन्हा व्हायला हवी. एचपीव्ही चाचणीसाठी लागणारा नमुना स्त्रीला स्वतःच घेता येतो, त्यामुळे संकोचाचे कारणही उरत नाही. दोन पाळ्यांच्या मधे, शरीरसंबंधानंतर किंवा पाळी कायमची थांबल्यानंतर रक्तस्राव झाला, तर मात्र ती तपासणीची वेळ नव्हे, उपचाराची आहे. एक दिवसही दवडू नये. चाचणीत दोष आढळला तर पुढचा उपचार पुरा करावा, कारण अहवाल कपाटात ठेवल्याने कोणी वाचत नाही. नऊ ते चौदा वर्षांच्या मुलींसाठी लस आहे, आणि पुण्यातल्याच सीरम इन्स्टिट्यूटने बनवलेली लस २०२३ पासून बाजारात मिळते.

पेढीवरच्या पुरुषांनीही स्वतःला यातून वगळू नये. तंबाखू, गुटखा, माव्याची सवय असेल, तर तोंडातील न जाणारा पांढरा किंवा लाल चट्टा आणि भरून न येणारी जखम डॉक्टरांना दाखवावी. केरळात आरोग्यसेवकांनी तोंडाची नुसती पाहणी केल्याने तंबाखू वा मद्य घेणाऱ्यांत मुखकर्करोगाचे मृत्यू ३४ टक्क्यांनी घटले. सवय सोडणे हा अर्थातच त्याहून मोठा उपाय आहे.

व्यापारी घरात धंदा उत्तम चालला असतानाही शिल्लक मालाची मोजदाद होते, रोजमेळ जुळवला जातो, दिवाळीला वही नवी होते. नुकसान दिसू लागल्यावरच हिशेब तपासणाऱ्याला कोणी शहाणा म्हणत नाही. तोच नियम घरातील त्या फाइलीला लावावा. तिच्यातील कोरे पान भरण्यासाठी गृहिणीने सवड मिळण्याची वाट पाहू नये, आणि सवड काढून देणे हे घरातील इतरांनी आपले काम समजावे. पतीने किंवा मुलाने एक सकाळ दुकान उशिरा उघडून तिच्यासोबत जावे. एवढ्याने त्या दिवसाची विक्री थोडी कमी होईल. वर्षाच्या ताळेबंदात ती दिसणारही नाही.