झाडांचे भाडे

जमिनीचे भाडे पैशांऐवजी झाडांनी फेडावे, ही कल्पना चमत्कारिक वाटते. परंतु अमेरिकेतील सॅन डिएगो शहराने ती प्रत्यक्षात आणली.

तेथे वर्षाकाठी जेमतेम १० इंच पाऊस पडतो. उद्यानासाठी राखून ठेवलेली विस्तीर्ण जमीन म्हणजे नुसता उजाड माळ होता. १८९२ साली केट सेशन्स या बाईंनी रोपवाटिकेसाठी त्यातील सुमारे ३० एकर जागा घेतली. अट अशी ठरली, की त्यांनी दरवर्षी उद्यानात १०० झाडे लावावीत आणि शहरासाठी आणखी ३०० द्यावीत.

केटबाई विज्ञानाच्या पदवीधर. १८८३ साली त्या शिक्षिका म्हणून तेथे आल्या; पुढे नोकरी सोडून त्यांनी मातीत हात घातले. कोरड्या हवेत तग धरणारी झाडे त्यांनी पारखून निवडली. आपण ज्याला नीलमोहोर म्हणतो, ते दक्षिण अमेरिकेतील झाड तेथे लोकप्रिय झाले ते मुख्यत्वे त्यांच्यामुळे.

कोणी म्हणेल, रोख भाड्याने शहराच्या तिजोरीत भर पडली असती. मला हे पटत नाही. पैसा कधीच खर्चून गेला असता; सावली मात्र पिढ्यान्‌पिढ्या पुरली.

आपणही वनमहोत्सवात रोप लावतो आणि उन्हाळ्यात त्याला विसरतो. केटबाई १९४० साली वारल्या. तत्पूर्वी अर्धशतकाहून अधिक काळ त्यांनी झाडांची जोपासना केली. ज्या भूमीवर आपण राहतो, तिचे भाडे आपणही फेडले पाहिजे. नुसते रोप लावून नव्हे, तर ते स्वतःच्या मुळांवर उभे राहीपर्यंत त्याला पाणी घालून.