नांगर जोडणारा वैमानिक

मोटारसायकलच्या शर्यतीत उतरणारा खेळाडू, विमान उडवणारा धाडसी तरुण आणि नांगराच्या जोडणीवर डोके खपवणारा अभियंता ही तीन माणसे निरनिराळी असावीत असेच तुम्हांला वाटेल. हॅरी फर्ग्युसन या आयरिश गृहस्थाच्या ठायी मात्र ती एकत्र नांदत होती.

आयर्लंडच्या उत्तरेकडील डाउन परगण्यात १८८४ साली एका शेतकऱ्याच्या घरी त्याचा जन्म झाला. शेतीत मन रमेना, म्हणून तो बेलफास्टला भावाच्या मोटारदुरुस्तीच्या दुकानात शिरला आणि शर्यतींत मोटारसायकली पळवू लागला. ३१ डिसेंबर १९०९ रोजी स्वतः बांधलेल्या विमानातून तो सुमारे १२० मीटर उडाला. आयर्लंडच्या भूमीवरचे ते पहिले यांत्रिक उड्डाण. पण त्याचे खरे काम जमिनीवरचेच आहे.

पहिले महायुद्ध चालू असताना, १९१७ साली, आयर्लंडच्या शेतीखात्याने ट्रॅक्टरांचा वापर सुधारण्याचे काम त्याच्याकडे सोपवले. त्या काळी ट्रॅक्टर म्हणजे नुसता लोखंडी बैल. नांगर मागे अडकवायचा आणि ओढत न्यायचा. फाळ एखाद्या दगडात अडकला की मागची चाके थांबत, इंजिनाचा जोर मात्र थांबत नसे. मग ट्रॅक्टरचे धूडच मागच्या आसाभोवती फिरून उभे राही आणि चालकावर कोसळे. असे कितीतरी बळी गेले.

असे का होते? समजा, ट्रॅक्टरचे वजन १००० किलोग्रॅम आहे आणि त्याचा गुरुत्वमध्य मागच्या आसाच्या ६० सेंटिमीटर पुढे आहे. मागची चाके जमिनीला टेकतात ती जागा टेकू माना. पुढची चाके खाली दाबून ठेवणारे आघूर्ण, म्हणजे बल गुणिले टेकूपासूनचे लंबांतर, झाले ६००. आता मागून ७०० किलोग्रॅमची ओढ पडली. ती जमिनीपासून ५० सेंटिमीटर उंचीवर असेल तर उलट दिशेचे आघूर्ण ३५०, काळजी नको. तीच ओढ ९० सेंटिमीटरवर असेल तर ६३०, आणि पुढची चाके उचललीच! बल तेवढेच, बदलली ती फक्त जागा. आघूर्ण शिकवताना आम्ही शिक्षक फळ्यावर तराजू आणि फळी काढतो. माझे स्पष्ट मत आहे की तिथे ट्रॅक्टर काढावा, निदान खेड्यातल्या शाळांत तरी.

फर्ग्युसनने नांगर ट्रॅक्टरला तीन ठिकाणी जोडला : खाली दोन दांडे, वर एक. फाळ मातीत ओढला जाताना नांगराचा माथा पुढे कलू पाहतो आणि वरचा दांडा ट्रॅक्टरला पुढे रेटतो. त्यामुळे पुढची चाके उचलण्याचा संभव कमी झाला. नांगराचा आणि मातीचा भार मागच्या चाकांवर येऊन हलका ट्रॅक्टरही घसरेनासा झाला. वरच्या दांड्यावरचा रेटा वाढला की तेलाच्या दाबावर चालणारी यंत्रणा नांगर आपोआप किंचित उचले. दगड आडवा आलाच तर चाकांवरचा हा जादा भार नाहीसा होऊन ती जागीच गरगरत. यात इंजिनाची शक्ती अश्वशक्तीभरही वाढवलेली नाही. म्हणूनच मला हा शोध मोठा वाटतो.

कारखान्यासाठी त्याला परमुलखातच जावे लागले, आधी इंग्लंडला आणि मग अमेरिकेला. १९३८ साली हेन्री फोर्डने त्याचे प्रात्यक्षिक पाहिले आणि नुसत्या हस्तांदोलनावर करार झाला. एवढ्या चिकित्सक माणसाने कागद केला नाही याचे मला नवल वाटते. फोर्डच्या नातवाने पुढे तो करार मोडला, कोर्टकचेरी झाली आणि १९५२ साली फर्ग्युसनला साडेब्याण्णव लाख डॉलर मिळाले. इंग्लंडमधील कॉव्हेन्ट्री येथे १९४६ ते १९५६ या काळात त्याचे पाच लाखांहून अधिक ट्रॅक्टर तयार झाले. एव्हरेस्टवीर हिलरी जानेवारी १९५८ मध्ये दक्षिण ध्रुवावर पोहोचला तो याच ट्रॅक्टरांवरून. शर्यतीचे वेड मात्र फर्ग्युसनला अखेरपर्यंत होते. १९६० साली तो वारला. पुढच्याच वर्षी त्याच्या संस्थेने बनवलेल्या, चारही चाकांना जोर मिळणाऱ्या मोटारीने स्टर्लिंग मॉसच्या हाती ओल्टन पार्कची शर्यत जिंकली.

आज आपल्याकडच्या बहुतेक ट्रॅक्टरांना हीच तीन दांड्यांची जोडणी असते. पण ती अवजारांसाठी. उसाच्या दोन-दोन ट्रॉल्या एकाच पिनेवर ओढल्या जातात, तिथे १९१७ सालचाच धोका कायम आहे. साखर कारखान्याच्या रस्त्यावर, चढावर, पुढची चाके अधांतरी ठेवून चाललेला ट्रॅक्टर तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. लोक चालकाचे कौतुक करतात. मला ते पटत नाही, कारण चाके उचलली की सुकाणू निकामी होते. तुमच्या घरी ट्रॅक्टर असेल तर टेप घेऊन ट्रॉलीच्या पिनेची जमिनीपासूनची उंची मोजा आणि वरचे गणित करून पाहा. चिखलात रुतलेली गाडी काढताना कोणी टोचनाची साखळी टॉप लिंकच्या खुंटीला अडकवत असेल, तर त्याला थांबवा. ती जागा खालच्या ओढपट्टीची आहे.