कपाळावरचा घाम

मुलांना काय वाचू द्यावे, हा या सदराचा नेहमीचा विषय. आज त्यासाठी सत्तरहून अधिक वर्षे मागे जाऊ.

२१ एप्रिल १९५४. न्यूयॉर्कमध्ये अमेरिकी सिनेटची बालगुन्हेगारीवरची उपसमिती बसली होती. आरोप कॉमिक्सवर होता. ‘ईसी कॉमिक्स’चा बत्तीस वर्षांचा प्रकाशक विल्यम गेन्स आपणहून साक्षीला आला. सिनेटर किफॉवरने गेन्सच्याच एका अंकाचे मुखपृष्ठ उंचावून दाखवले. त्यावर एका हातात रक्ताळलेली कुऱ्हाड आणि दुसऱ्या हातात बाईचे मुंडके होते. हे अभिरुचीला धरून आहे का? गेन्स म्हणाला, भयकथेच्या मुखपृष्ठाला धरून आहे. वर पुस्ती जोडली, की मुंडके आणखी उंच धरून रक्त ठिबकताना दाखवले असते, तर मात्र ते वाईट ठरले असते.

उत्तर प्रामाणिक होते, आणि त्यानेच घात केला. दुसऱ्या दिवशी ते ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या पहिल्या पानावर झळकले.

खरे तर या गृहस्थाला रसायनशास्त्राचा शिक्षक व्हायचे होते. १९४७ साली वडील मॅक्स गेन्स बोटीच्या अपघातात गेले आणि बायबलच्या चित्रकथा छापणारी, तोट्यातली कंपनी गळ्यात पडली. १९५० पासून त्याने संपादक अल फेल्डस्टाइनबरोबर भयकथा आणि विज्ञानकथा काढायला सुरुवात केली. वजन कमी करायच्या गोळ्यांनी गेन्सची झोप उडालेली असे. तो रात्रभर वाचून कथाबीजे गोळा करी आणि सकाळी ती फेल्डस्टाइनपुढे टाकी. दहा सेंटचे अंक झपाट्याने खपू लागले.

साक्षीच्याच, म्हणजे १९५४ च्या वसंतात मानसोपचारतज्ज्ञ फ्रेडरिक वर्थमचे पुस्तक आले. कॉमिक्समुळे मुले बिघडतात, असा त्याचा निष्कर्ष. त्याने मुलांच्या जबान्यांमध्ये फेरफार आणि काटछाट केली होती, हे कॅरल टिली या संशोधिकेने २०१२ साली त्याचीच कागदपत्रे तपासून दाखवले. तोवर व्हायचे ते नुकसान होऊन गेले होते.

सरकारने बंदी घातलीच नाही. घाबरलेल्या प्रकाशकांनीच १९५४ च्या अखेरीस आचारसंहिता केली आणि मंजुरीचा शिक्का सुरू केला. शीर्षकात ‘हॉरर’, ‘टेरर’ हे शब्द नकोत, असा नियम झाला. नेमके हेच शब्द गेन्सच्या अंकांवर होते. शिक्का नसलेले गठ्ठे विक्रेत्यांकडून न फोडताच परत येऊ लागले.

पण या साऱ्या प्रकरणाचे सार ईसीच्या शेवटच्या अंकातल्या एका कथेत आहे. नारिंगी यंत्रमानव निळ्या यंत्रमानवांना हीन लेखतात, म्हणून पृथ्वीचा निरीक्षक त्यांच्या ग्रहाला आकाशगंगेच्या प्रजासत्ताकात घेत नाही, अशी ही कथा. शेवटच्या चौकटीत तो शिरस्त्राण काढतो. तो काळा माणूस असतो आणि त्याच्या कपाळावर घामाचे थेंब चमकत असतात. कथेत ना रक्त, ना मुंडके. तरीही संहितेचा प्रमुख न्यायाधीश चार्ल्स मर्फी याने नायक काळा नको म्हणून सांगितले. प्रकरण तापले तेव्हा निदान घाम तरी पुसा, इथवर गोष्ट आली. गेन्सने शिवी हासडली आणि १९५६ च्या आरंभी कथा जशीच्या तशी छापली. ईसीचे ते शेवटचे कॉमिक बुक.

हातात उरले फक्त ‘मॅड’ हे विडंबनाचे नियतकालिक. १९५५ साली ते मासिकाच्या आकारात गेल्यामुळे संहितेच्या कक्षेबाहेर होते. राजकारणी, जाहिराती, सिनेमे यांची टर उडवत सत्तरच्या दशकात त्याचा खप वीस लाखांवर गेला. १९५७ पासून त्यात जाहिराती नव्हत्या. ज्याची चेष्टा करायची त्याचे मीठ खायचे नाही, हा बाणा. गेन्स काही संत नव्हता. चित्रकारांना तो जगभर सहली घडवी, पण चित्रांचे हक्क कंपनीकडेच ठेवी. १९९२ साली वारला तोवर ‘मॅड’ त्याच्याच हाताखाली होते.

कॉमिक्सच्या धास्तीचे हे लोण आपल्याकडेही आले. ब्रिटनने १९५५ साली आणि आपल्या संसदेने १९५६ साली हिंसा आणि किळसवाण्या प्रसंगांच्या कथांपासून तरुणांना वाचवण्यासाठी कायदा केला. आपल्या कायद्यातला ‘तरुण’ म्हणजे वीस वर्षांखालचा!

लहान मुलांच्या हाती काहीही पडू द्यावे, असे माझे म्हणणे नाही. पण मुलांच्या नावाने कुणी कात्री मागायला आले, तर ते दाखवतील तेवढेच चित्र पाहून कात्री देऊ नका. आणखी काय काय कापणार आहात, ती यादी आधी मागून घ्या.