वेळेवर चालणारी गिरणी

काळापासून ऊर्जा काढणारी संशोधन संस्था, ही विज्ञानकथेसाठी भारी कल्पना आहे. कोळसा नको, धरण नको. नुसते क्षण जाळायचे आणि शहर उजळायचं. निकोलाय कोझिरेव या सोव्हिएत खगोलशास्त्रज्ञाने तर हे गंभीरपणे मांडलं होतं की ताऱ्यांना ऊर्जा काळाच्या प्रवाहातून मिळते. विज्ञानाने ते मान्य केलं नाही.

का नाही, याचं उत्तर एमी नोएथर या गणितज्ञ बाईंनी १९१८ साली दिलेलं आहे. निसर्गाचे नियम काल-आज-उद्या सारखेच राहतात, म्हणूनच ऊर्जा नव्याने तयार होत नाही. समजा गुरुत्वाकर्षण दिवसा कमी आणि रात्री जास्त असतं. मग दिवसा गच्चीवरच्या टाकीत पाणी चढवायचं, रात्री खाली सोडायचं, मधला फरक आपला. म्हणजे काळातून फुकट ऊर्जा हवी असेल तर एकच अट आहे, नियम वेळोवेळी बदलले पाहिजेत.

निसर्ग ही अट मानत नाही. पण जिथे नियम माणसं लिहितात तिथे ती सहज पूर्ण होते. म्हणून माझा दावा आहे की अशी संस्था अस्तित्वात आहे. ती लालबाग-परळमध्ये आहे आणि तिचं काम दीडशे वर्षं चालू आहे.

पूर्वी गिरणीचा दिवस सूर्यावर चालायचा. उजाडलं की सुरू, मावळलं की बंद. त्यातही रविवारची खात्री नव्हती. १८८४ साली नारायण मेघाजी लोखंडे यांनी परळला कामगारांची सभा घेतली आणि मागण्या लिहून दिल्या : आठवड्याला एक सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, सूर्यास्ताला काम बंद. रविवार मिळायला १८९० उजाडलं. तुम्ही आज ज्या रविवारी रील्स बघत लोळता, तो असा भांडून आणलेला आहे.

मग गिरण्यांत विजेचे दिवे आले. आता मावळतीला थांबायचं कारणच उरलं नाही, आणि १९०५ च्या सुमारास कामाचा दिवस चौदा-पंधरा तासांपर्यंत ताणला गेला. आपण काळापासून वीज काढायची स्वप्नं बघतो; मालकांनी विजेपासून काळ काढून दाखवला.

पुढच्याच वर्षी घड्याळ बदललं. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे होती. म्हणजे भोंगा सहालाच वाजणार, पण सूर्याच्या हिशेबाने तेव्हा सव्वापाच-साडेपाच. त्या जानेवारीत हजारो गिरणी कामगारांनी काम बंद पाडलं, गिरण्यांवर दगडफेक केली. त्यांना अडाणी म्हणणं सोपं आहे. पण काटा पुढे सरकला की झोप कोणाची जाते, हे त्यांना बरोबर कळलं होतं.

आता आजचा प्रयोग बघा. १९४८ च्या कारखाने कायद्याने दिवसाला ९ तासांची मर्यादा घातली होती. सप्टेंबर २०२५ मध्ये महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने ती १२ वर न्यायला मंजुरी दिली. दुकानं-आस्थापनांसाठी ९ चे १०. समर्थक सांगतात, आठवड्याचे तास तेच आहेत, ओव्हरटाइमला दुप्पट पैसे आहेत, शिवाय कामगाराची लेखी संमती लागेल. पैशांचा मुद्दा मी मान्य करतो. पण ज्याचा हप्ता पाच तारखेला कापला जातो, त्याची संमती किती मोकळी असते? आणि बारा तासांवर कर्जत-कसाऱ्याची लोकल मिळवा. मुलगा जागा असताना बाप घरी पोचेल का, याचा दर कुठल्या पगारपत्रकात आहे?

हे फक्त कारखान्याचं आहे असं समजून स्क्रोल करू नका. २०२३ साली नारायण मूर्तींनी तरुणांनी आठवड्याला ७० तास काम करावं असं सुचवलं. जानेवारी २०२५ मध्ये एल अँड टीच्या अध्यक्षांचं ९० तासांचं बोलणं बाहेर आलं, त्यात रविवारी कामाला लावता येत नाही याची खंतही होती. लोखंड्यांचा रविवार अजून सलतोय.

मी सॉफ्टवेअरवाला आहे. लोअर परळला पूर्वी जिथे माग चालायचे, तिथे आता काचेची ऑफिसं आहेत. आम्ही आमचे तास तिकिटांत मोजतो, रात्री अकराला 'क्विक कॉल' घेतो आणि त्याला ओनरशिप म्हणतो. भोंगा निदान साऱ्या गिरणगावाला ऐकू जायचा. तो कधी वाजला यावर भांडता यायचं. आमचा भोंगा खिशात व्हायब्रेट होतो, प्रत्येकाचा वेगळा, म्हणून एकत्र भांडण होतच नाही.

तर सुरुवात मोजण्यापासून करू. आपण खरे किती तास दिले ते लिहून ठेवा, आणि शेजारच्या डेस्कवाल्याचे आकडे त्याच्याबरोबर ताडून बघा. कामाच्या वेळेनंतर फोन न उचलण्याच्या हक्काचं खासगी विधेयक सुप्रिया सुळे यांनी लोकसभेत मांडलं होतं, ते वाचा आणि आपल्या खासदाराला त्याबद्दल विचारा. १९८२ चा संप हरला म्हणून मागणं सोडायचं असेल, तर हेही आठवा की १८८४ ची मागणी पूर्ण व्हायला सहा वर्षं लागली होती.