नकाराची नोंद

मोबाईल अ‍ॅपमधील पॉप-अप चौकट, म्हणजे चालू काम अडवून मध्येच उभी राहणारी आणि उत्तर मागणारी छोटी खिडकी, स्वतः घडवण्याची मुभा मिळाली की तयार करणाऱ्यांचे लक्ष आधी कोपऱ्यांच्या गोलाईकडे, मग रंगांकडे आणि उरलेच तर ‘नको’च्या बटणाकडे जाते, ही तक्रार या स्तंभाच्या वाचकांना नवी नाही. या आठवड्यात किराणा घरपोच देणाऱ्या एका अ‍ॅपच्या नव्या आवृत्तीने तिला ताजा पुरावा पुरवला: नोटिफिकेशनची परवानगी मागणारी सजवलेली चौकट, तीत पूर्ण रुंदीचे हिरवे ‘चालू करा’ आणि त्याखाली पांढऱ्यावर फिकट राखाडी अक्षरांत ‘नंतर’. ‘नको’ला जागाच नाही.

अँड्रॉइड या कार्यप्रणालीची स्वतःची परवानगीची चौकट हिच्याशेजारी ठेवली की खरा फरक उघड होतो, आणि तो केवळ दिसण्याचा नाही. २०२२ मधील अँड्रॉइड १३ पासून नोटिफिकेशन पाठवण्यासाठी अ‍ॅपला वापरकर्त्याची परवानगी घ्यावी लागते; ती मागणारी चौकट प्रणालीच दाखवते, होकार आणि नकार यांची बटणे तेथे सारखीच असतात, अ‍ॅपला ती रंगवता येत नाहीत, आणि मुख्य म्हणजे तेथील नकार मोजला जातो. अँड्रॉइड ११ पासूनच्या नियमानुसार एका परवानगीला दोनदा नकार मिळाला की अ‍ॅपने पुन्हा मागणी केली तरी ती चौकट उघडत नाही. हे दोन नकार वाया जाऊ नयेत म्हणून अ‍ॅप आधी आपली चौकट पुढे करते. तिच्यावर ‘चालू करा’ दाबले तरच प्रणालीची चौकट उघडते, ‘नंतर’ दाबले तर त्याची कोठेही नोंद होत नाही आणि दुसऱ्या दिवशी प्रश्न पुन्हा हजर होतो. तीन महिन्यांपूर्वी घेतलेली तूरडाळ ज्या अ‍ॅपच्या लक्षात राहते, त्याला कालचा नकार मात्र आठवत नाही.

परवानगी कशासाठी हवी, हे आधी सांगण्यात वावगे काही नाही. अ‍ॅपलची मार्गदर्शक तत्त्वेही अशा पूर्वसूचनेला वाव देतात, पण तीत एकच बटण असावे आणि ते थेट प्रणालीच्या चौकटीकडे नेणारे असावे, असे सुचवतात. म्हणजे नकार द्यायचाच असेल तर तो जेथे मोजला जातो तेथेच देता येतो. भारतात केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने २०२३ मध्ये ‘डार्क पॅटर्न’विरुद्ध, म्हणजे ग्राहकाला फसवून वा रेटून निर्णय घ्यायला लावणाऱ्या मांडणीविरुद्ध, जी मार्गदर्शक तत्त्वे जारी केली, त्यांतील तेरा प्रकारांत सतत पिच्छा पुरवणे हाही एक आहे. ‘नंतर’चे बटण त्यात बसते की नाही, यावर वकिलांनी खुशाल वाद घालावा.

राहता राहिली मराठीची जुनी रड. इंग्रजी अक्षरांच्या मापाने बटणाची उंची बांधून टाकली की देवनागरीतील वरची मात्रा आणि खालचा उकार कापला जातो, आणि मोठा फाँट निवडणाऱ्या ज्येष्ठांच्या फोनवर तर खालचे बटणच पडद्याबाहेर जाते. या अ‍ॅपमध्ये ‘नंतर’वरचा अनुस्वार छाटला गेला आहे, ‘चालू’चा ऊकार मात्र शाबूत आहे, हा अर्थातच योगायोग असणार.